पक्षी एकत्र शिकवायचे, पण आधी एकेकटे

मा. संपादक,

एकाच दांडीवर चार-पाच बजी (बजरीगर) किंवा कॉकटील असे छोटे पाळीव पोपट बसवून सगळ्यांना एकदम शिकवतानाच्या चित्रफिती हल्ली फार फिरतात. ते बघून घरी तसेच करू पाहणाऱ्यांना कळकळीने सांगावेसे वाटते की, सुरुवात एकत्र करूच नका.

नवा पक्षी किमान ३० दिवस वेगळ्या खोलीत ठेवावा, कारण पक्षी आजार लपवतात आणि तो उघड होईपर्यंत बाकीच्यांना लागलेला असतो. हेच दिवस शिकवायला उत्तम. समोर धरलेल्या काठीच्या टोकाला त्याने चोच लावली की लगेच त्याचे नाव घेऊन ‘छान’ म्हणायचे आणि राळ्याचे दोन-चार दाणे द्यायचे. एका वेळी पाच मिनिटे पुरे. जेवणाआधीची वेळ निवडावी, पण मुद्दाम उपाशी ठेवू नये. ३०-४० ग्रॅमच्या बजीला उपासमार झेपत नाही.

पुढे दोघांना समोर आणताना प्रत्येकाची दांडी वेगळी हवी, दोन्हींत हातभर अंतर. खरी मेख इथे आहे. बहुतेक जण काम करणाऱ्यालाच दाणा देतात. नुसता बसलेला बघत राहतो, कंटाळतो आणि हातावर झेपावतो, मग चोचाचोची. म्हणून गप्प बसलेल्याला जास्त वेळा दाणा मिळायला हवा. आधी दोन सेकंद बसल्याबद्दल, मग पाच, मग दहा. तरी तो उडून आलाच तर हाकलू नका, ओरडू नका आणि दाणाही देऊ नका. काठी दाखवून त्याला दांडीवर परत न्या, दोन-तीन सेकंद बसू द्या आणि मगच दाणा द्या. पुन्हापुन्हा येत असेल तर तुम्ही वेळ फार भरभर वाढवलीत. दोन सेकंदांवर परत या.

क्लिकर, म्हणजे ‘बरोबर केलेस, आता दाणा’ हे सांगणारी टक-टक वाजणारी डबी, एकट्याला शिकवताना उत्तम, पण दोघांत घोटाळा करतो. आवाज एक, ऐकणारे दोन, आणि दोघांनाही वाटते की दाणा आपलाच. म्हणूनच पहिल्यापासून नाव घेण्याची सवय लावायची.

कॉकटीलचा तुरा मागे डोक्याला चिकटला, चोच उघडून तो फिसकारला, की त्या दिवशीचा पाठ तिथेच थांबवावा. लव्हबर्डला बजीच्या शेजारी आणूच नये. तो बोटे चावून जायबंदी करतो. पंखा बंद आणि खिडक्यांवर पडदे, हे सांगायला नकोच.

दोघे आपापल्या दांडीवर मिनिटभर निवांत बसू लागले की मगच तिसरा. तो आल्यावर आधीच्या दोघांचा धीर काही दिवस सुटतोच. ते साहजिक आहे, पुन्हा दोन सेकंदांपासून सुरू करावे.

आपल्या वृत्तपत्रात पाळीव पक्ष्यांवर मजकूर येईल तेव्हा वेगळ्या खोलीतल्या त्या ३० दिवसांचा उल्लेख आवर्जून व्हावा, ही विनंती.

– एक पक्षीपालक