अंगठा ऐकू यायला हवा

महोदय,

टेक्सासमधल्या नॅव्हासोटाचे ब्लूज (आफ्रिकन-अमेरिकन लोकसंगीताचा एक प्रकार) गिटारवादक मान्स लिप्सकम यांच्यावरचा ‘अ वेल स्पेंट लाइफ’ (१९७१) हा लेस ब्लँक यांचा माहितीपट मोबाइलच्या स्पीकरवर पाहू नये. लिप्सकम (१८९५-१९७६) यांनी आयुष्याचा मोठा काळ बटाईने शेती केली. पहिली ध्वनिमुद्रिका थेट १९६० मध्ये, पासष्टीत! वादनाचा सारा पाया उजव्या अंगठ्यात. तो बहुधा एकाच जाड तारेवर चारही मात्रांना आघात करतो. तळव्याची कड घोडीजवळ तारेला टेकवली की नाद आखूड, ठोक होतो. चाल तर्जनीकडे. दुसरे ब्लूज गिटारवादक मिसिसिपी जॉन हर्ट यांच्यासारखा आलटून पालटून तारा बदलणारा अंगठा इथे शोधणारे फसतात. सर्वांत जाड तार ८२ हर्ट्झच्या आसपास वाजते. फोनचा इवलासा स्पीकर ती जवळपास गाळूनच टाकतो. साधे हेडफोन पुरेत.

लिप्सकम खिशातला चाकू तारांवर सरकवूनही वाजवत. नक्कल करणाऱ्यांनी बोथट बाजू हलकेच टेकवावी, अगदी फ्रेटच्या, म्हणजे गिटारच्या दांड्यावरच्या धातूच्या आडव्या पट्टीच्या, माथ्यावर. फ्रेटच्या अलीकडे थांबलात तर सूर उतरतो, जोर दिलात तर तार फ्रेटवर आपटून खडखडते.

- एक गिटारप्रेमी वाचक, पुणे