डाव हातात न घेतल्याबद्दल

आदरणीय काका,
साष्टांग नमस्कार.

तोंडावर आभार मानायला गेलं की तुम्ही विषय बदलता. त्या रात्री मी बोलायला तोंड उघडलं, तर तुम्ही "झाकण नीट बसलंय का बघ" म्हणालात आणि चपला शोधायला लागलात. म्हणून हे पत्र, आणि तेही उघड, चारचौघांत. आता मध्येच उठून जाता येणार नाही.

ऐंशी माणसांचं मटण मी घरीच करणार, हे मी भर बैठकीत बोलून बसले होते. भांडवल काय, तर चार माणसांचा रस्सा मला बरा जमतो. एक किलोच्या मापाला वीसने गुणलं, एक्सेलमध्ये तक्ता केला आणि शाबासकी मिळेल या आशेनं तुमच्यापुढे ठेवला. तुम्ही चष्मा लावून तो शेवटच्या ओळीपर्यंत वाचलात आणि एवढंच विचारलंत, "पाण्यालाही वीसने गुणलंस?"

गुणलं होतं. एक किलोला सव्वा लिटर, म्हणजे वीस किलोला २५ लिटर. तुम्ही आकडा खोडून समोर १२ लिहिलंत आणि म्हणालात, मटण बुडेल एवढंच, वर लागलं तर आधण तयार ठेव. मला तेव्हा ते नुसतं अनुभवाचं बोलणं वाटलं. नंतर शांतपणे विचार केला तेव्हा त्यातलं गणित दिसलं. भांडं लांबी-रुंदी-उंचीला दुप्पट केलं तर आत माल आठपट मावतो, पण वाफ जाते ती वरच्या तोंडातून, आणि ते तोंड चौपटच होतं. घरच्या छोट्या पातेल्यातलं पाणी भराभर आटतं. साठ लिटरच्या पातेल्यात ते जायला जागाच नसते. माझ्या हिशेबानं गेलो असतो तर ऐंशी जणांना मटणाचं कढत पाणी वाढलं असतं.

हाडासकट माणशी पाव किलो, हा एवढा एक हिशेब मात्र तुम्ही तसाच ठेवलात. अजून त्याचा अभिमान आहे मला.

मग मटण घ्यायला आपण दोघं गेलो. मी मांडीचे छान, स्वच्छ, गुलाबी तुकडे दाखवत होते आणि तुम्ही मान, खांदा आणि नळ्या मागत होतात. "जे जनावरानं जास्त वापरलं, ते रश्शाला घ्यायचं." मला तो कंजूसपणा वाटला, खोटं कशाला बोलू. चालून, वाकून, चरून राबलेल्या स्नायूंत जो चिवट पांढरा पडदा असतो तो कोलॅजेनचा. भरपूर वेळ मंद आचेवर राहिला की त्याचं जिलेटीन होतं आणि रश्शाला तो ओठाला चिकटणारा दाटपणा येतो. मऊ तुकड्यात हा पडदा कमी, त्यामुळे तीन तासांनी तो तुकडा नुसता कोरडा दोरा होऊन बसतो. दुसऱ्या दिवशी सकाळी उरलेला रस्सा फ्रीजमधून काढला, तर चमचा उभा राहावा असा थिजलेला. तेव्हा त्या मानेला मनोमन नमस्कार केला.

कुकरचा प्रस्तावही माझाच. शेजारपाजारचे चार मोठे कुकर आणून पाळीपाळीनं लावू, तासाभरात काम फत्ते. कुकरच्या बाजूनं एक गोष्ट सांगायलाच हवी. त्याचा मूळपुरुष डेनी पापँ यानं १६७९ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे आपलं यंत्र ठेवलं, ते हाडं मऊ करण्यासाठीच. म्हणजे माझी कल्पना अगदीच वेडगळ नव्हती. पण तुम्ही म्हणालात, "चार कुकर म्हणजे चार चवी. आणि आत काय चाललंय ते शिटीला विचारायचं?" विषय संपला.

तुम्ही आयुष्यभर आचाऱ्याचं काम केलंत. मला वाटलं होतं, तुम्ही आलात की मी कांदे चिरायचे आणि तुम्ही रांधायचं. तुम्ही आलात, अंगणात खुर्ची टाकली, शेगडीपासून चार हात लांब, आणि जाहीर केलंत: "मी बसायला आलोय." मला राग आला होता, काका. बारा लिटर पाणी तापत होतं, पाच किलो कांदा समोर पडला होता, माझे डोळे वाहत होते आणि तुम्ही चहा मागत होतात.

पहिला घाणा मी नासवला. पाच किलो मटण एकदम तापल्या तेलात लोटलं. चुर्र झालं, क्षणभर फार बरं वाटलं, आणि मग आवाजच बसला. पातेल्याच्या तळाला पाणी सुटलं आणि मटण त्यात राखाडी पडून उकडायला लागलं. तुम्ही खुर्चीतूनच म्हणालात, "ऐक. आवाज बदलला ना? परतणं थांबलं, उकडणं सुरू झालं." ते वाक्य माझ्या कानात बसलंय. पाणी असेतो तळ शंभर अंशांच्या वर चढत नाही, आणि मांस तांबूस व्हायला साधारण १४० अंश लागतात. लुई कामीय मेयार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञानं १९१२ मध्ये या तांबूस होण्यामागची रासायनिक क्रिया मांडली आणि तिला आज त्याचंच नाव आहे. तुम्हाला त्याचं नाव माहीत नाही, पण तुम्ही ती क्रिया पाठमोरे बसून कानानं ओळखता.

मग तीन-तीन किलोचे घाणे. एका थरात पसरायचं, हलवायचं नाही, खालची बाजू आपणहून सुटली की उलटायचं. दोन तास गेले त्यात. प्रत्येक घाण्यानंतर तळाला जे तपकिरी चिकटायचं ते चमचाभर गरम पाण्यानं सोडवून बाजूला काढायला लावलंत. मी ते धुऊन टाकायला निघाले होते! त्या वाडग्यात शेवटी काळपट तपकिरी असं काहीतरी जमलं. दिसायला गटाराचं पाणी, चवीला अख्खं जेवण.

इथे तुमच्याशी एक छोटं भांडण आहे, तेही आताच करून घेते. तुम्ही म्हणालात की परतल्यानं मटणाचा रस आत कोंडला जातो. तसं होत नाही, काका. एकोणिसाव्या शतकात युस्टुस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञानं ही समजूत पसरवली, पण परतलेल्या मांसातूनही रस जातोच. परतायचं ते चवीसाठी. तुमची कृती शंभर टक्के बरोबर, कारण तेवढं चुकीचं. तुम्हाला हे सांगायची हिंमत समोरासमोर झाली नसती.

शिजत टाकल्यावरचे पहिले तास तसे सांगण्यासारखे नाहीत. वर आलेला फेस झाऱ्यानं काढत राहिले, आच कमी केली, परत कमी केली. मला रटरट उकळी हवी होती, कारण तिच्याकडे बघून काम चालल्यासारखं वाटतं. तुम्हाला पृष्ठभागावर इथे एक, तिथे एक बुडबुडा हवा होता. "घाई तुला आहे, मटणाला नाही." दर दहा मिनिटांनी मी झाकण काढत होते आणि दर वेळी तुम्ही फक्त माझ्याकडे बघत होतात.

आणि मग ते घडलं, ज्यासाठी खरं तर हे पत्र लिहायला घेतलं.

भाजलेल्या कांद्या-लसणाचं वाटण घातलं आणि रस्सा दाट झाला. दाट रश्शात वाटण खाली बसतं, खालचं वर येत नाही आणि तळ तापत राहतो. हे मला आज कळतंय. तेव्हा मी फोनवर कोणाला तरी पत्ता समजावत होते. वास आला. अगदी बारीक, दूध लागल्यावर येतो तसला, पण कडवट. पोटात गोळा आला. पाहुणे दोन तासांवर, सात घाण्यांची मेहनत पातेल्यात. मी कालथा उचलला आणि तळ खरवडायला तो आत घालणार, एवढ्यात तुम्ही ओरडलात, "हात वर!"

तुमचा आवाज मी त्या दिवसात तेवढा एकदाच चढलेला ऐकला. पोलिसानं पकडावं तशी मी कालथा वर धरून उभी.

"आधी गॅस बंद. खाली हात लावू नकोस. तळाचं तळाला राहू दे. वरचं उपस."

मला खात्री होती की आता तरी तुम्ही उठाल. नाही उठलात. दुसरं पातेलं शेजारी ठेवायला लावलंत आणि मी डावा-डावानं रस्सा उपसायला लागले. पहिल्या दहा डावांना हात कापत होता. निम्म्यावर आल्यावर तुम्ही म्हणालात, "आता प्रत्येक डाव चाखून टाक." मी चाखत गेले. चांगला, चांगला, चांगला. पातेलं तिरकं करून बघितलं तर तळाशी दोन-अडीच किलोचा थर राहिला होता. त्यातला एक थेंब जिभेवर ठेवला आणि थुंकले. राख. तिथेच थांबले. करपलेलं जोवर तळाला धरून असतं तोवर वरच्या रश्शाला फारसा वास लागत नाही. मी खरवडलं असतं तर ती राख स्वतःच्या हातानं ऐंशी ताटांत कालवली असती.

रश्शात धुराची एक पुसटशी रेघ राहिली होती. एका पाहुण्यांनी विचारलं, "चुलीवर केलंय का?" मी हो म्हणाले. देव मला क्षमा करो.

हे सगळं तुम्ही दोन मिनिटांत उठून निस्तरलं असतं, आणि मी कायमची तळ करपवणारी बाई राहिले असते. पुढच्या वेळी तळाशी कालथा कधी फिरवायचा आणि कधी अजिबात नाही, ते आता माझ्या दंडाला माहीत आहे.

रात्री साडेअकराला सगळे गेल्यावर मी गळून गेले होते. आठ-नऊ लिटर रस्सा उरला होता. मी म्हटलं, झाकून ठेवते, सकाळी बघू. तुम्ही घरी निघाला होतात, ते परत बसलात. पसरट परातींत आणि छोट्या डब्यांत तो काढायला लावलात, खाली थंड पाणी आणि बर्फ, आणि निवेपर्यंत ढवळायला लावलंत. मनात तुम्हाला काय काय म्हणाले ते इथे लिहीत नाही. पण मोठ्या पातेल्यातलं दाट कालवण तासन् तास कोमट राहतं, आणि क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजेन्स नावाच्या जिवाणूला तेच हवं असतं. त्याची बीजं उकळीतूनही वाचतात आणि मनाजोगती ऊब मिळाली की दहा-बारा मिनिटांत ते दुप्पट होतात. गर्दीसाठी केलेल्या मांसाच्या जेवणातून विषबाधा होते त्यात याचा हात नेहमीचा. साठ अंशांवरून वीसच्या आसपास दोन तासांत आणि पुढच्या चार तासांत पाच अंशांवर, असा निववायचा ढोबळ नियम आहे. तुम्ही नियम सांगितला नाहीत. "उद्या पोरं खाणार आहेत ना हे?" एवढंच म्हणालात.

आता मिठाचं. हे विचारल्याशिवाय पत्र पुरं होणार नाही.

सगळं मिळून ३५ किलोच्या आसपास होईल, शंभराला एक या हिशेबानं ३५० ग्रॅम मीठ सकाळीच वजन करून स्टीलच्या वाडग्यात काढून ठेव, असं तुम्हीच सांगितलंत. हातानं टाक, पण याच वाडग्यातून. मी दर वेळी वाडगा काट्यावर ठेवून वहीत नोंद करत होते. मटणाला चोळताना १००, शिजत टाकताना १५०, वाटणानंतर ६०. शेवटी चाखलं तेव्हा मला किंचित कमी वाटलं. तुम्ही म्हणालात, कढत आहे, थोडं निवू दे, मग ठरव. मी आत ताटं काढायला गेले. बाहेर येऊन पुन्हा चाखलं तर अगदी बरोबर होतं, आणि मी तुमच्यापुढे मान डोलावली की खरंच, निवल्यावर चव कळते.

परवा वही चाळताना बेरीज केली. ३१० होते. म्हणजे वाडग्यात ४० ग्रॅम उरायला हवं होतं. भांडी मीच घासली, काका. वाडगा रिकामा होता.

तुम्ही उठला होतात ना?

तुमची,
शेजारची पोर