बर्फाआधीचे मतदान आणि एम्स

संपादक महोदय,
नागपूरच्या मिहानमध्ये आज एम्स उभे आहे. पण ज्यांनी दिल्लीत पहिल्या एम्सचा पाया घातला, त्या राजकुमारी अमृत कौर यांची आठवण क्वचितच निघते, याची खंत वाटते. पहिल्या लोकसभा निवडणुकीत त्या हिमाचलच्या मंडी-महासू मतदारसंघातून निवडून आल्या. जागा दोन, त्यांतली एक राखीव. मतदाराला मतेही दोन, पण दोन्ही एकालाच देता येत नसत. प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळी, तिच्यावर चिन्ह चिकटवलेले. शिक्का न मारता मतपत्रिका हव्या त्या पेटीत टाकायची. बर्फाने वाटा बंद होतील म्हणून तिथल्याच ‘चिनी’ (आताचे कल्पा) नावाच्या तहसिलीत २५ ऑक्टोबर १९५१ रोजीच मतदान उरकले.

आरोग्यमंत्री म्हणून १८ फेब्रुवारी १९५६ रोजी त्यांनी लोकसभेत एम्सचे विधेयक मांडले. पदव्युत्तर वैद्यकीय शिक्षणासाठी तरुणांना परदेशी जावे लागू नये, हा त्यांचा आग्रह. न्यूझीलंड सरकारचे अर्थसाहाय्यही मिळाले. माझ्या मते इमारतीहून मोठी गोष्ट म्हणजे कायद्याने दिलेली स्वायत्तता: अभ्यासक्रम आणि पदव्या संस्थेच्याच हाती. सिमल्यातले स्वतःचे ‘मॅनरव्हिल’ हे घरही त्यांनी एम्सला देऊन टाकले. नागपूरच्या एम्समध्ये त्यांच्या कार्याची माहिती देणारा एक मराठी फलक लावावा, ही विनंती.

— एक वाचक, नागपूर