सह्याद्री वाहिनीला एक संगीत शिक्षक हवा : माहिती व प्रसारण मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

महोदय,

सविनय नमस्कार.

ठाण्यात नौपाड्यात गेली २२ वर्षे मी मुलांना गाणे शिकवते. प्रारंभिकपासून विशारदपर्यंतच्या परीक्षांना बसणाऱ्या या मुलांना रागाचे वादी, संवादी, थाट, गानसमय सारे पाठ असते. परंतु तंबोरा जुळवल्यावर खर्जाच्या, म्हणजे सर्वांत खालच्या ‘सा’च्या, तारेतून उमटणारा गांधार (‘ग’ हा स्वर) ऐकू येतो का, असे विचारले की बहुतेक जण गप्प होतात. तो गांधार कोणी छेडलेला नसतो. जवारीचा, म्हणजे घोडीवर तारेखाली सरकवायचा, दोरा नेमक्या जागी बसला आणि तार सुरात आली की तो आपोआप उमटतो, म्हणून त्याला स्वयंभू म्हणतात. तो पहिल्यांदा ऐकू आलेल्या मुलीचा चेहरा पाहावा, यासाठीच मी आजवर शिकवत आले आहे. माझ्या खोलीत एका वेळी आठच मुले बसतात. हे पत्र उरलेल्या मुलांसाठी आहे.

दूरचित्रवाणीवरून संगीत शिकवता येते, याचा एक दाखला देते. लिओनार्ड बर्नस्टाइन (१९१८-१९९०) हे अमेरिकेतले मोठे संगीतकार आणि न्यूयॉर्क फिलहार्मोनिक वाद्यवृंदाचे संगीत दिग्दर्शक. १९५४ साली दूरचित्रवाणीवर बेथोवनची पाचवी सिंफनी समजावून सांगताना त्यांनी तिच्या स्वरलिपीचे पहिले पान स्टुडिओच्या जमिनीवर रंगवून घेतले, वादकांना आपापल्या ओळीवर उभे केले आणि बेथोवनने नाकारलेले खर्डे वाजवून दाखवत अंतिम रचना तशीच का ठेवली गेली, हे लोकांच्या कानांना पटवून दिले. पुढे १९५८ ते १९७२ या काळात त्यांनी खास मुलांसाठी ५३ कार्यक्रम केले. प्रेक्षागृहात मुले, समोर पूर्ण वाद्यवृंद आणि घरोघरी पडद्यावर तेच दृश्य. १९६९ मध्ये दिग्दर्शकपद सोडल्यावरही त्यांनी मुलांचे हे काम सुरू ठेवले, याचे मला शिक्षक म्हणून फार मोल वाटते. ती मालिका त्यांनी संपवली त्याच वर्षी, २ ऑक्टोबर १९७२ रोजी, मुंबई दूरदर्शन सुरू झाले.

आज आमच्या मुलांना पडद्यावर गाणे दिसते ते मुख्यतः स्पर्धेत. तिथे तीन मिनिटांत गाऊन निकालाची वाट पाहायची असते. गाणाऱ्या मुलाचे कौतुक मलाही आहे. पण ऐकणाऱ्या मुलाला तिथे कोणी काही शिकवत नाही, आणि घराघरांत संख्येने जास्त तीच मुले आहेत. तबलजीच्या बोटांकडे कॅमेरा जवळून वळवून ‘धा’ आणि ‘ता’ यांत डग्ग्याचा (डाव्या हाताच्या तबल्याचा) फरक कसा पडतो, तालातल्या ‘खाली’च्या मात्रेला डावा हात का गप्प होतो, हे दाखवणे दूरचित्रवाणीला जितके सोपे आहे तितके मोठ्या सभागृहात शेवटच्या रांगेपर्यंत मलाही जमत नाही.

म्हणून विनंती अशी की, सह्याद्री वाहिनीवर आठवड्यातून अर्धा तास, ठरलेल्या वारी आणि ठरलेल्या वेळी, मुलांसाठी संगीत शिकवणारा कार्यक्रम सुरू करावा. त्याचे चित्रीकरण ठाण्याच्या गडकरी रंगायतनात आणि वाशीच्या विष्णुदास भावे नाट्यगृहात, महापालिका शाळांतील मुलांना समोर बसवून करावे, आणि दूरदर्शनच्या संग्रहातली जुन्या गायक-वादकांची ध्वनिचित्रमुद्रणे त्यात उदाहरण म्हणून वापरावीत. दर भागाला नवा पाहुणा नको. चेहरा ओळखीचा झाला की मुले प्रश्न विचारू लागतात, त्यासाठी एकच शिक्षक किमान तीन वर्षे नेमावा आणि त्याला पोट भरेल असे मानधन द्यावे.

शिक्षकाची निवड मात्र नावावरून करू नये. उमेदवारासमोर पन्नास मुले बसवावीत, त्याच्या हाती तंबोरा द्यावा आणि अर्ध्या तासाने त्यांतल्या शेवटच्या रांगेला विचारावे, गांधार ऐकू आला का.

आपली विश्वासू,
एक संगीत शिक्षिका
नौपाडा, ठाणे