दादा, माती नाही मिळाली

एस्पो, फिनलंड
२६ एप्रिल

तीर्थस्वरूप दादा आणि वहिनी,

साष्टांग नमस्कार.

फोनवर तुला निम्मं ऐकू येत नाही आणि उरलेलं निम्मं तू ऐकून घेत नाहीस, म्हणून कागदावर लिहायला बसले. वहिनींनी चष्मा लावून मोठ्यानं वाचून दाखवावं. दादा, तू मध्ये मध्ये बोलू नकोस.

तू सांगितलेलं माती आणायचं काम अर्धंच झालं. का, ते पुढे येईलच.

इथं सकाळी साडेपाचच्या आत लख्ख उजाडतं आणि रात्री नऊपर्यंत दिवस असतो, पण त्या उजेडात ऊब म्हणून नाही. परवा सहा अंश होतं. तुमच्याकडे कऱ्हाडात चाळिशी गाठली असेल. लेक आणि जावई दिवसभर ऑफिसात, मी खिडकीशी. झाडांना अजून एक पान नाही. माझा चेहरा बघून लेकीनंच हेलसिंकीची पायी फेरी ठरवून टाकली. सात-आठ माणसांचा गट असतो आणि बरोबर माहिती सांगणारी बाई. मेट्रोत बसवून दिलं, कुठं उतरायचं ते कागदावर लिहून दिलं. तसं शाळेत तीस वर्षं इंग्रजी शिकवलंय, पण ते पोरांना. समोरून उत्तर येणारं इंग्रजी वेगळं असतं.

फेरी सुरू झाली सेनेट चौकातून. गाईड बाई पन्नाशीची, उंच, डोक्याला पिवळी कानटोपी. सुरुवातीलाच म्हणाली, ‘मी बोलता बोलता गप्प होते. विसरले असं समजू नका, आमच्याकडे असंच बोलतात.’ गटात एक सत्तरीचं जर्मन जोडपं (माझ्या दुप्पट वेगानं चालणारं), दोन कोरियन मुली, कॅनडाची एक आई आणि तिचा मुलगा, ब्राझीलचा एक पोरगा जो अडीच तास नुसता कुडकुडत होता, आणि मी. आठजण. एवढाच गट असल्यानं फायदा असा, की माझे गुडघे पाचव्या मिनिटाला तिच्या लक्षात आले. चौकात सगळीकडे घडीव दगड बसवलेले आहेत, त्यावर पाय मुरगळतो. मग ती मुद्दाम माझ्या बाजूनं आणि माझ्या चालीनं चालायला लागली, पण तसं बोलून दाखवलं नाही.

चौकाच्या डोक्यावर मोठं पांढरं चर्च आहे, हिरव्या घुमटांचं. त्याच्या पायऱ्या बघूनच मी खाली थांबायचं ठरवलं. हा देश कित्येक शतकं स्वीडनकडे होता. १८०९ मध्ये रशियानं घेतला. झारला जुनी राजधानी तुर्कू नको होती, ती स्वीडनला फार जवळ. म्हणून १८१२ मध्ये हेलसिंकी राजधानी झाली आणि एंगेल नावाच्या जर्मन वास्तुशिल्पीकडून हा सगळा भाग नव्यानं बांधून घेतला. चर्चचं काम १८३० ला सुरू झालं, एंगेल १८४० मध्ये गेला, चर्च पुरं झालं १८५२ मध्ये. घर बांधायला काढून वास्तुशांतीआधी गेलेली माणसं आपणही पाहिलीत.

चौकाच्या मधोमध झार दुसऱ्या अलेक्झांडरचा पुतळा आहे. मी विचारलंच, की स्वतंत्र झालात १९१७ ला, मग रशियाचा राजा अजून इथं कसा? ती जरा गप्प झाली. मग म्हणाली, यानं आमची विधानसभा पुन्हा भरवली, फिनिश भाषेला कचेरीत जागा दिली. पुढे त्याच्या नातवाच्या राज्यात इथं रशियन कारभार लादायला सुरुवात झाली, तेव्हा लोक गुपचूप या पुतळ्याच्या पायाशी फुलं ठेवून जायचे. त्या राजाला शिव्या देता येत नव्हत्या, तर त्याच्या आजोबांना फुलं! पोलिसानं पकडायचं तरी कशासाठी? मला ही युक्ती फार आवडली. आपल्या शाळेतल्या हेडमास्तरांवर चालली असती.

रस्त्यांच्या पाट्या दोन-दोन भाषांत आहेत, वर फिनिश, खाली स्वीडिश. स्वीडिश बोलणारी माणसं देशात शंभरात पाचेक. तरी पाटी आहे आणि तिला कुणी काळं फासत नाही. आपल्या बेळगावच्या मावशीला दाखवायला फोटो काढून ठेवलाय.

तिथून उतारानं बंदरावरच्या बाजारात गेलो. वहिनी, हे तुमच्यासाठी. तिथं तंबूत सामन माशाचं सूप मिळतं, लोहिकेइत्तो म्हणतात. बटाटे, मासा, त्यात चक्क दूध आणि साय, आणि वरून मूठभर चिरलेला शेपू. दूध आणि मासे एका वाडग्यात! आपल्या आईनं वाडगं उचलून अंगणात ओतलं असतं. मी डोळे मिटून खाल्लं. सांगायला लाज वाटते, पण आवडलं. शेपू इतका गुणी असतो हे मला साठाव्या वर्षी कळलं. वर समुद्रपक्षी घिरट्या घालत असतात, हातातलं खाणं उचलून नेतात. ब्राझीलच्या पोराचा पाव असाच गेला. सूप नेता येत नाही, म्हणून माझं वाचलं.

नंतर कॉफी आणि एक गोल गुंडाळलेला पाव. पहिला घास घेतला आणि मी थांबलेच. वेलची! भरपूर, जाडसर कुटलेली, आपल्या पुरणात असते तशी. या बर्फाच्या देशात वेलचीशिवाय गोड पाव होतच नाही म्हणे. त्या पावाचं नाव आहे कोर्वापूस्ती. अर्थ काय, तर कानाखाली वाजवलेली. मी हसायला लागले, थांबता येईना. तिला म्हटलं, आमच्या वडिलांच्या, अण्णांच्या हातची ही मी आणि माझ्या भावानं पोटभर खाल्लीय, फक्त त्यात वेलची नसायची.

मग एस्प्लनाडीचा बाग-रस्ता लागला. सुरेख आहे, पण बिनपानाच्या झाडांचं काय लिहू? वाटेत हाविस अमांडा नावाच्या बाईचा कारंज्यातला पुतळा आहे, १९०८ चा. ३० एप्रिलला कॉलेजची मुलं तिला आंघोळ घालून डोक्यावर पांढरी टोपी चढवतात, तेव्हा अख्खं गाव गोळा होतं. पुढे तीन लोहारांचा पुतळा. ऐरणीवर घण घालताहेत, अंगावर लंगोटसुद्धा नाही. १९४४ च्या बॉम्बहल्ल्याच्या खुणा त्यांच्या चौथऱ्यावर अजून तशाच ठेवल्यात.

आता तुझी करामत ऐक.

काम्पी म्हणून गजबजलेला भाग आहे. बसस्टँड, मेट्रो, दुकानं, आपलं कऱ्हाडचं स्टँड म्हण. त्याच्या तोंडाशी एक भलंमोठं लाकडी वाडगं ठेवल्यासारखी इमारत आहे, २०१२ मध्ये बांधलेली. शांततेचं प्रार्थनाघर. आत खिडकी नाही, उजेड फक्त वरच्या कडेनं झिरपतो. लग्न नाही, बारसं नाही. यायचं, गप्प बसायचं, जायचं. आम्ही आठजण बाकांवर बसलो. दार मिटलं आणि बाहेरचं सगळं कापल्यासारखं बंद झालं. मला माझाच श्वास ऐकू येत होता. दोन मिनिटं झाली असतील, नसतील.

आणि हलगी वाजली.

तुझ्या नातवानं माझ्या फोनला बसवून दिलेली ती हलगी, पूर्ण आवाजात. पर्समध्ये फोन सापडेना. त्या वाडग्यात आवाज असा घुमला की मैदानात कुस्ती लागल्यासारखं वाटलं. फोन तुझा. तू विचारायला केला होतास, की पाण्याच्या मोटारीची पावती कुठं ठेवली! (देव्हाऱ्याखालच्या खणात आहे. तेव्हा सांगितलं नाही, आता सांगते.) मी लालबुंद होऊन बाहेर पळाले. मागून गाईड बाई आली. मला वाटलं, आता बोलणी खायची. तर ती विचारते, ‘ते वाद्य कुठलं?’

आता हलगी इंग्रजीत कशी सांगायची? म्हटलं, आमच्याकडे कुस्तीच्या वेळी वाजवतात. फोन माझ्या भावाचा होता, तो तरुणपणी तालमीत जायचा. ती म्हणाली, कुस्ती? आमच्याकडे पाइनी म्हणतात. मग काय, मी तोंड उघडलं. १९५२ चं ऑलिंपिक इथंच झालं ना, त्यात आमच्या गावाजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी ब्राँझ मिळवलं. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक. ते इथं यावेत म्हणून कॉलेजच्या प्राचार्यांनी घर गहाण ठेवलं होतं. एक मोठी कुस्ती हरून घाम पुसतायत तोवर दुसरीला बोलावलं, आणि विश्रांती द्या म्हणून भांडायला आपला एकही अधिकारी जागेवर नव्हता, असं आमच्याकडे सांगतात. आणि परत आले तेव्हा कऱ्हाड स्टेशनावर शंभरावर बैलगाड्या. आमचे वडील त्यातल्या एका गाडीच्या साठ्यावर उभे होते.

‘शंभर बैलगाड्या?’ ती म्हणाली. ‘ब्राँझला?’

मग तिनं आपल्याकडचं सांगितलं. १९५२ हे साल फिनलंडमध्ये म्हाताऱ्यांपासून पोरांपर्यंत सगळ्यांना पाठ आहे. हे ऑलिंपिक खरं १९४० मध्येच व्हायचं होतं, स्टेडियम १९३८ ला बांधून तयार होतं, पण युद्ध आलं. युद्धात हरल्यावर रशियाला नुकसानभरपाई द्यायची होती, ती या लोकांनी जहाजं, यंत्रं, मालगाड्या भरभरून दिली. शेवटची गाडी गेली तीही १९५२ मध्येच. त्याच वर्षी पहिली मिस युनिव्हर्स फिनलंडची झाली, आणि ऑलिंपिकमुळे कोका-कोला आला. तिच्या आईनं तेव्हा पहिल्यांदा कोका-कोला चाखला आणि थुंकून टाकला. हे सांगताना पहिल्यांदा ती मोठ्यानं हसली. मी मनात म्हटलं, म्हणजे खाशाबा आले तेव्हा यजमानही तसे आपल्यासारखेच होते, नुकतेच उभे राहिलेले, कर्ज फेडत असलेले.

फेरी संपली ओओदी नावाच्या वाचनालयापाशी, संसदेच्या बरोबर समोर. २०१८ मध्ये स्वातंत्र्यदिनाच्या आदल्या दिवशी उघडलं. आत पुस्तकं आहेतच, शिवाय शिलाईमशिनी आहेत! एक आजोबा पँटची चेन बसवत होते. वहिनी, तुम्हाला तिथं सोडलं तर संध्याकाळी घरी यायच्या नाहीत.

बाकीचे पांगले. गाईड बाई म्हणाली, चला, ऑलिंपिक स्टेडियमकडं जाणारी ट्राम माझ्याच वाटेवर आहे. मला वाटतं तिची वाट तिकडं नव्हती. ट्राममध्ये आम्ही काहीच बोललो नाही, आणि एव्हाना मलाही त्याचं काही वाटेनासं झालं होतं. उतरल्यावर स्टेडियमचा पांढरा मनोरा दिसला. ७२ मीटर ७१ सेंटिमीटर, कारण त्यांच्या माणसानं १९३२ च्या ऑलिंपिकमध्ये भाला तेवढाच लांब फेकला होता. पण कुस्त्या स्टेडियमात झाल्याच नव्हत्या. त्या झाल्या जवळच्या प्रदर्शनाच्या हॉलमध्ये. आता तिथं गावाचं क्रीडागृह आहे, किसाहल्ली. मी एकटी असते तर मनोऱ्याला नमस्कार करून परत आले असते.

आत गेले. दादा, तिथं आता आखाडा नाही. बारा-तेरा वर्षांची पोरं हातात काठ्या घेऊन चेंडूमागं पळत होती, बुटांचा चर्र चर्र आवाज, घामाचा आणि रबराचा वास. घामाचा वास तेवढा ओळखीचा. भिंतींवर खाशाबांचं नाव कुठं दिसतंय का बघितलं, मला काही दिसलं नाही. गाईड बाई दाराशी कानटोपी हातात घेऊन उभी होती. मी जरा वेळ कडेच्या बाकावर बसले आणि अण्णा सांगायचे ती २३ जुलैची गोष्ट मनातल्या मनात म्हटली, त्यांच्याच शब्दांत.

तू म्हणाला होतास, तिथली चिमूटभर माती आण. अरे, माती असायला ते काय आपलं मैदान आहे? तेव्हाही तिथं मॅटच होती. मातीत वाढलेल्या माणसाला मॅटवर लढावं लागलं, हे तूच मला शंभरदा ऐकवलंयस. बाहेर आले तर फुटपाथवर सगळीकडे बारीक खडी. हिवाळ्यात बर्फावरून घसरू नये म्हणून ग्रॅनाइटचे कपचे टाकतात, वसंतात झाडून नेतात. तेवढा भाग झाडायचा राहिला होता. मी वाकले तर गाईड बाई घाबरली, तिला वाटलं मी पडले. मग कळल्यावर तिनंही दोन खडे उचलून माझ्या हातावर ठेवले.

सात खडे आहेत. रुमालात बांधून बॅगेच्या खालच्या कप्प्यात ठेवलेत. जूनमध्ये येते तेव्हा घे. आणि मोटारवाल्याला पावती दाखवल्याशिवाय पैसे देऊ नकोस.

तुझी धाकटी