अरबी कवितेवर पहिला संशय अरबांनीच घेतला होता

मा. संपादक,

तुमच्या पुरवणीतला जुन्या अरबी कवितेवरचा लेख वाचला. असा विषय घेतलात याचा खरंच आनंद झाला, पण एक गोष्ट खटकली म्हणून लिहितोय. इस्लामपूर्व काळातल्या कविता नंतरच्या लोकांनी रचून जुन्या कवींच्या नावावर खपवल्या असतील ही शंका पहिल्यांदा विसाव्या शतकात आली, १९२५ मध्ये इंग्रज अभ्यासक मार्गोलियथनी आणि १९२६ मध्ये इजिप्तचे लेखक ताहा हुसेननी ती मांडली, असं लेखात आहे. हे काही पटत नाही.

नवव्या शतकात बसऱ्याचा समीक्षक इब्न सल्लाम हेच सांगून गेलाय, आणि कारणांसकट. तो म्हणतो, इस्लाम आल्यावर अरब लढायांमध्ये गुंतले, कविता तोंडपाठ असलेली माणसं मेली, मग शांतता आल्यावर टोळ्या आपल्या कविता शोधायला लागल्या आणि ज्यांच्याकडे कमी उरल्या होत्या त्यांनी आपल्या कवींच्या तोंडी नव्या घातल्या. आद आणि समूद या प्राचीन लोकांच्या म्हणून ज्या कविता सांगितल्या जात होत्या त्या तर तो सरळ उडवून लावतो, इतक्या काळापासून त्या आणल्या कोणी, जपल्या कोणी असं विचारतो. आणि हम्माद अर-राविया, ज्याने ते प्रसिद्ध मुअल्लकात, म्हणजे इस्लामपूर्व काळातल्या निवडक दीर्घ कविता, एकत्र केले असं मानतात, त्याच्यावर विश्वास ठेवू नका हेही त्यानेच लिहिलंय. हम्मादच्याच काळातला कवितासंग्राहक अल-मुफद्दल याची तक्रार तर अजून जबरदस्त आहे. त्याचं म्हणणं असं की हम्मादला प्रत्येक कवीची ढब इतकी चांगली माहीत होती की तो स्वतःच्या ओळी त्यांच्यात मिसळायचा आणि त्या वेगळ्या काढणं जाणकारांनाच जमायचं, ते जाणकार आता आणायचे कुठून! एवढी परखड चिकित्सा त्या परंपरेच्या आतच होती आणि ती वगळून विषय सुरू केला की सगळं श्रेय विसाव्या शतकातल्या अभ्यासकांना जातं, याचं वाईट वाटतं.

ताहा हुसेनचं मोल यामुळे कमी होत नाही. त्या १९२६ च्या पुस्तकावरून त्यांच्यावर तक्रारी झाल्या, सरकारी वकिलांपर्यंत प्रकरण गेलं आणि १९२७ मध्ये ते बंद झालं, त्यांना पुस्तक बदलून काढावं लागलं, हे धाडसच होतं.

दुसरं म्हणजे रावी. लेखात रावींचा उल्लेख एका ओळीत उरकलाय, पण माझ्या मते सगळी गंमत तिथेच आहे. रावी म्हणजे कवीच्या कविता पाठ करून पुढे नेणारा, आणि बऱ्याचदा तोच पुढचा कवी. झुहैर हा औस इब्न हजरचा रावी, झुहैरचा रावी अल-हुतैया, असं ते चालत आलेलं. त्यात प्रत्येक बैत, म्हणजे दोन भागांची ओळ, बहुतेक वेळा अर्थाने स्वतंत्र आणि पूर्ण कवितेला एकच यमक, त्यामुळे ओळी पुढेमागे झाल्या, एखादी गळली किंवा वाढली तरी कविता मोडत नाही. म्हणूनच एकाच कवितेच्या वेगवेगळ्या प्रतींमध्ये ओळींची संख्या आणि क्रम वेगळा सापडतो. १९७० च्या दशकात मन्रो आणि झ्वेटलर या अभ्यासकांनी मौखिक परंपरेच्या अंगाने हा प्रश्न घेतला, त्यावर टीकाही बरीच झाली, पण निदान खरी की बनावट एवढ्यावरच अडकलेली चर्चा थोडी हलली. लेखात हे यायला हवं होतं.

आणि बायकांची मर्सिया, म्हणजे शोककविता, तर लेखात नाहीच. कवयित्री अल-खन्साने सख्र आणि मुआविया या भावांसाठी केलेल्या शोककविता आजही वाचल्या जातात, आणि शोक करणं हे त्या समाजात मुख्यतः बायकांकडेच असायचं म्हणून त्या कविता विधी म्हणूनही अभ्यासल्या जातात. पुढच्या लेखात अल-खन्साला जागा द्या आणि शक्य झालं तर दोनचार बैत मूळ अरबी उच्चारासह देवनागरीत छापा, कारण आठव्या शतकातल्या अल-खलील या भाषापंडिताने जी वृत्तं बांधून दाखवली त्यांचा ठेका कानावर पडल्याशिवाय नुसत्या अर्थावरून या कवितेचा अंदाज येत नाही.

आपला,
एक नियमित वाचक