चार हुतात्म्यांना फाशी चार पुतळ्यापाशी नाही, येरवड्यात

मा. संपादक, स.न.वि.वि.

दरवर्षी १२ जानेवारी आली की मोबाईलवर तोच मेसेज फिरतो, की सोलापूरच्या चार हुतात्म्यांना इथंच, आज त्यांचे चार पुतळे आहेत त्या चौकात फाशी दिली; यंदा तुमच्या पेपरातल्या लेखातही तेच छापून आलं म्हणून लिहायला बसलो. आमचा नातू चौथीला आहे. सिद्धेश्वराच्या गड्डा जत्रेला जाताना चार पुतळ्यापाशी रिक्षा अडकली तर म्हणतो, आबा, यांना इथंच फाशी दिली ना? अरे नाही बाबा. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा, चौघांनाही १२ जानेवारी १९३१ ला पुण्यात येरवडा जेलमधे फाशी दिली. इथं पुतळे बसले ते पुष्कळ नंतर.

मेसेजमधला फोटो तर बघवत नाही, चौघांच्या मागं अशोकचक्राचा तिरंगा! चक्र आलं १९४७ ला. एप्रिल १९३० मधे आपल्या नगरपालिकेवर झेंडा चढला त्या काळात काँग्रेसच्या झेंड्याला पांढरा, हिरवा, लाल पट्टा अन वर चरखा असायचा, केशरी रंगसुद्धा १९३१ ला आला. फोटो बनवणाऱ्याला हे कोण सांगणार.

अन ते 'सोलापूर चार दिवस स्वतंत्र देश होतं', हे ऐकायला मलाही गोड लागतं, खोटं कशाला बोलू. झालं असं की गांधीजींना ५ मे १९३० ला पकडलं, गावात संताप, ८ मे ला गोळीबार झाला, मग पोलीस गावातून गायब अन काँग्रेसचे स्वयंसेवक रहदारीपासून सगळं बघायला लागले. एवढं खरं. देशबिश कुणी जाहीर केला नव्हता. १२ मे ला मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा, लागला तो ३० जूनपर्यंत, म्हणजे जवळजवळ पन्नास दिवस, अन तुमच्या लेखात त्या पन्नास दिवसांवर एकच ओळ, चार दिवसांवर अख्खा कॉलम!

आठ तारखेच्या गोळीबारात गेलेले शंकर शिवदारे तर कुठंच नाहीत. पुतळे चारच ना, पाचवं नाव कोण घेणार. कुर्बान हुसेन 'गझनफर' नावाचं वर्तमानपत्र चालवायचे, म्हणजे तुमच्याच धंद्यातला माणूस, तेही लेखात नाही.

चूक दुरुस्त करून छोटी चौकट छापली तर बरं होईल, पहिल्या पानावर नसली तरी चालेल. नातवाला कात्रण दाखवायचंय, माझ्यापेक्षा त्याचा मेसेजवर जास्त विश्वास आहे.

आपला जुना वाचक,
सोलापूर